झटकायचा राहिलेला पारा

१८ नोव्हेंबर १९७९. औषधांचा पत्र्याचा डबा उपडा करून बसले आहे. कारखान्याचा भोंगा वाजून आठवडा झाला. रस्त्याने उसाचे ट्रक सुरू झाले आणि दारातल्या तुळशीवर पांढरी धूळ बसायला लागली. गळिताचा हंगाम आला की मागोमाग तापाचा हंगाम येतो. पहाटे हाडं गोठवणारी थंडी, दुपारी पाठ भाजणारं ऊन, दिवसभर पोरांच्या तोंडात ऊस आणि नाकात धूळ. मग कुणाचं तरी अंग तापतंच. म्हणून दर वर्षी याच सुमाराला मी हा डबा काढते. सुकलेलं मलम टाकते, आयोडीनच्या बाटलीचं बूच बदलते, कापूस उन्हात घालते. सगळ्यात शेवटी थर्मामीटर.

आमच्या घरात आता दोन आहेत. एका वाटीत कोमट पाणी घ्यायचं, तान्ह्या बाळाच्या अंघोळीला कोपर बुडवून बघतो तेवढंच कोमट. दोन्हींचा पारा झटकून खाली आणायचा, दोन्ही एकदम पाण्यात धरायचे आणि दोन्ही एकच आकडा दाखवतात का ते बघायचं. जास्त गरम पाणी चालत नाही. वरच्या गल्लीत एका घरी स्वच्छ करायचा म्हणून चहाच्या आधणात टाकला होता, त्याची काच मग चहापत्तीत शोधावी लागली.

वाटी समोर आहे. नवा थर्मामीटर झटकून पाण्यात घातला. जुना हातात घेतला आणि थांबले. त्याचा पारा एकशे एकच्या पुढे एका रेघेवर उभा आहे. श्रावणापासून तो तिथेच आहे. तो माझ्या सासूबाईंचा, आत्याबाईंचा ताप आहे, शेवटचा. तो झटकल्याशिवाय हा थर्मामीटर तपासता येणार नाही आणि मला तो उद्यापर्यंत हवा आहे.

कारण काल शेजारच्या हौसाआक्का आल्या होत्या. त्यांची लेक सुमन दुसऱ्या बाळंतपणाला कोयनानगरहून माहेरी आली आहे.

"वैनी, कांडी हाय न्हवं तुमची?"

आमच्या गल्लीत थर्मामीटरला कांडीच म्हणतात. मी नवा काढून दिला. त्यांनी तो उलटसुलट करून बघितला आणि परत माझ्या हातात ठेवला.

"ही न्हवं. ती. मागल्या येळची."

"हा चांगला आहे, आक्का. मी स्वतः बघून आणलाय."

"आसंल की. पर मला तीच द्या."

मी "बघते" म्हणाले. मी सहसा बघते म्हणत नाही. हो म्हणते किंवा नाही म्हणते.

नवा मी खरंच बघून आणला होता. आत्याबाई गेल्यावर जुन्याला हात लावावासा वाटेना, म्हणून गेल्या महिन्यात कराडला गेले तेव्हा घेतला. दुकानदाराने चार पुढ्यात टाकले आणि म्हणाला, "कुठलापण घ्या ताई, सगळे सारखेच हायत."

"सारखे असले तर पारा सारखा दाखवतील. आणा वाटीभर कोमट पाणी."

तो हसला, पण पाणी आणलं. मी एकेक उजेडाकडे धरून बोटांत फिरवला. एका कोनात पाऱ्याची चंदेरी पट्टी रुंद होऊन दिसते, तशी ती प्रत्येकात नीट दिसते का ते पाहिलं. आकडे नखाने खरवडून पाहिले, कारण नुसत्या रंगाचे आकडे वर्षभरात पुसतात आणि मग पारा कशाच्या समोर उभा आहे ते देवालाच माहीत. एकात पारा मध्येच तुटलेला होता. तो बाजूला. उरलेले तीन पाण्यात. दोघे जुळले, तिसरा जवळजवळ एक डिग्री मागे.

"नवरापण असाच बघून केला हुता काय ताई?"

"नवरा बघायला मिळाला नव्हता. म्हणून तर हे बघून घेतेय."

जुळलेल्या दोघांतला एक घेतला. मागे पडलेला त्याने पुन्हा पेटीत ठेवायला घेतला, तेव्हा मी हात पुढे करून तिथेच उभी राहिले. शेवटी त्याने तो कचऱ्यात टाकला. कमी दाखवणारा थर्मामीटर हा जास्त दाखवणाऱ्यापेक्षा वाईट. जास्त दाखवणारा फार तर उगाच दवाखान्यात नेईल. कमी दाखवणारा माणसाला घरात ठेवतो.

जुना, आमचे हे लष्करातून रजेवर आले तेव्हा आणला होता. फाउंटन पेनासारखं तपकिरी कव्हर, त्याला खिशाला अडकवायची चाप. मी सांगलीची, माहेरी आम्ही ताप आला की डॉक्टरांच्या पायऱ्या चढायचो, त्यामुळे थर्मामीटर मी पाहिला होता, पण हातात कधी धरला नव्हता. ह्यांनी शिकवलं ते कवायत शिकवावी तसं. धाकट्या मुलाला त्या दिवशी ताप होता. त्याच्या जिभेखाली कांडी ठेवली, ओठ मिटायला लावले, मग काढून आकडा वाचून दाखवला आणि म्हणाले, "आता झटकायचं. हात ताठ न्हाई. मनगटातनं. एक, दोन, तीन!"

आत्याबाई बाजूला बसून हरभऱ्याची भाजी निवडत होत्या. त्यांनी मान वर केली.

"आन् त्यो ताप कुटं ग्येला?"

"कुठला ताप, आई?"

"आत्ता कांडीत हुता त्यो. तू झटकलास न्हवं? कुटं पडला?"

"आई, पारा असतोय त्यो."

"पारा खाली ग्येला, त्ये दिसलं मला. मी ताप इचारतीया."

चीनच्या सरहद्दीवर राहून आलेला हवालदार कांडी उजेडाकडे धरून पुन्हा बघायला लागला. आत्याबाईंनी भाजीची पाटी बाजूला सारली आणि तिथल्या तिथे नियम घालून दिला. ताप घरात झटकायचा नाही. लेकराबाळांचं घर आहे. घरामागच्या परड्यातल्या उकिरड्यापाशी जायचं, मावळतीकडे तोंड करायचं आणि तिथे झटकायचा.

मी वाद घातला नाही. झटकायला पाच पावलं जास्त चालल्याने पारा बिघडत नाही. घरात झटकताना मनगट खुंटीला आपटून काच फुटायची भीती असते, परड्यात ती नाही. सासूचं ऐकल्याचं पुण्य मिळालं ते वेगळं.

पण बघता बघता गल्लीने हा नियम उचलला, आणि स्वतःच्या सोयीने उचलला. गल्लीत कांडी एकच, ती घरोघर जायची. वापरणारे म्हणायचे, आमच्या दारात कशाला झटकू, जागा तर आत्याबाईंच्या उकिरड्याची ठरलेली आहे. मग कांडी परत यायची ती तापासकट. मी परड्यात जायचे, झटकायच्या आधी उजेडाकडे धरून आकडा बघायचे आणि मग झटकायचे. चेष्टा व्हायची. "वैनी, औंदा तुमचा ऊस लय जोरात. खतात ताप जास्ती पडला जणू." आत्याबाई म्हणायच्या, पडू दे, शेणात गाडला जातोय.

त्यामुळे एक झालं. कुणाच्या घरी किती ताप आहे ते मला न विचारता कळायला लागलं. माणसं दारात येऊन "काय न्हाई वं, जरा कणकण हाय" म्हणायची. काच तसं म्हणत नाही. चढलेला पारा माणूस गार झालं तरी खाली येत नाही. पूर ओसरल्यावर भिंतीवर पाण्याची रेघ राहते, तशी तापाची रेघ काचेत राहते.

वापरायचं कसं ते मात्र मला पुन्हा पुन्हा सांगावं लागायचं. पोरगं तोंडातला ऊस थुंकून लगेच कांडी लावतं, मग पारा वर चढतच नाही आणि आई म्हणते, ताप न्हाई. चहा पिऊन लावली तर उलटं. आधी चूळ भरायची, थोडा वेळ थांबायचं. जिभेखाली ठेवायची, ओठ मिटायचे, दातांत धरायची नाही. "तात्या, बिडी नव्हे ती," असं मी एका वडीलधाऱ्या माणसाला म्हणाले होते आणि पुढे कितीतरी दिवस ते माझ्याशी बोलले नव्हते. तान्ह्यांना काखेत, घाम पुसून, हात अंगाशी दाबून. काखेत आकडा कमी येतो आणि वेळ जास्त लागतो. वेळ किती, हा प्रश्न होता, कारण घड्याळ सगळ्यांकडे नव्हतं. तो आत्याबाईंनी सोडवला. तोंडात ठेवली तर एक भाकरी. काखेत, तर दोन. भाकरी थापायला घ्यायची, तव्यावर टाकायची, पाणी फिरवायचं, उलटायची, निखाऱ्यावर फुगली की कांडी काढायची. मी मनगटावरच्या घड्याळाने ताडून पाहिलं, बरोबर होतं.

हे सगळं चौऱ्याहत्तरच्या हंगामाआधीचं. त्या हंगामाचा वास अजून नाकात आहे. जाळलेल्या पाचटाचा धूर, कारखान्याकडून वारा आला की मळीचा आंबूस दर्प, आणि हौसाआक्कांच्या घरातून ओवा आणि बाळंतशेपांच्या धुरीचा. सुमन तेव्हा पहिलटकरीण. जावई कोयनेच्या वसाहतीत नोकरीला. मुलगी झाली होती, बारसं व्हायचं होतं. हौसाआक्कांचे मालक उसाच्या गाडीवर, दिवस उगवायच्या आत जाणार आणि दिवे लागल्यावर येणार. घरात मायलेकी आणि तान्हं बाळ.

एका दुपारी हौसाआक्का कांडी परत घेऊन आल्या. दारातूनच माझ्या हातात ठेवली.

"काय न्हाई, जरा कणकण हुती सुमीला," म्हणाल्या आणि पाठ फिरवली. चाल रोजची नव्हती.

मी परड्यात गेले. कांडी उजेडाकडे धरली. एकशे चार.

आत्याबाई गोठ्यापाशी होत्या. "झटक की. काय बघत बसलीस?"

"आत्याबाई, यात एकशे चार आहे."

"कुणाचा?"

"सुमनचा."

आत्याबाईंनी हातातली शेणाची पाटी खाली ठेवली.

दोन गोष्टी असू शकत होत्या. बाळंतिणीच्या बाजेखाली शेगडी असते, निखारे धगधगत असतात, वरून गोधडी. अशा खोलीत कांडी बाजेवर नुसती पडली तरी पारा चढेल. तसं असेल तर पोरगी बरी आहे. नाहीतर ताप खरा आहे आणि शेगडीच्या आडोशाने वाढतो आहे, कारण अंगाला हात लावणारा प्रत्येक जण म्हणणार, शेकाने तापलीय. मी पारा झटकला, कांडी गार पाण्याने धुतली आणि निघाले. आत्याबाई हात धुऊन माझ्या मागे.

खोलीत शिरले तर डोळ्यांसमोर काही दिसेना. दाराला पोतं, खिडकीत चिंध्या कोंबलेल्या. बाजेखाली निखारे लाल. सुमन गोधडीत, गाल रापल्यासारखे, ओठ कोरडे. माझ्याकडे बघून हसली, पण ते हसू माझ्यासाठी नव्हतं. ती मला दुसरंच कुणीतरी समजत होती.

मी शेगडी बाहेर सरकवली आणि दाराचं पोतं वर बांधलं.

"वैनी, वारं लागंल! बाळंतिणीला वारं लागलं म्हंजे?"

"आक्का, कांडी शेगडीचा ताप दाखवतेय का पोरीचा, एवढंच बघायचंय. शेगडीचा निघाला तर मी स्वतः शेगडी परत आणून ठेवते. काढा कधी दिलाय?"

"आत्ताच घोटभर घेतलाय."

म्हणजे थांबणं आलं. सुमनला चूळ भरायला लावली. गोधडी कमी केली. बाळाला आत्याबाईंनी मांडीवर घेतलं. हौसाआक्का उंबऱ्यात उभ्या राहून कधी लेकीकडे, कधी शेगडीकडे बघत होत्या. पदराचं टोक त्यांनी इतकं पिळलं होतं की त्याची दोरी झाली होती. सुमनचे हात-पाय गार व्हायला हवे होते. खोली गार झाली, बाज गार झाली. सुमन झाली नाही.

मी कांडी तिच्या जिभेखाली ठेवली आणि हनुवटीला हात देऊन ओठ मिटवून धरले.

"हौसे," आत्याबाई म्हणाल्या, "चुलीवर तवा हाय न्हवं? थाप एक भाकरी."

"आत्ता भाकरी?"

"थाप म्हंते न्हवं. येळ कसा मोजायचा?"

माझ्या मनगटावर घड्याळ होतं. आत्याबाईंना ते दिसत होतं. मी हात पदराखाली घेतला.

हौसाआक्कांनी पीठ मळलं. थापायला लागल्या. त्यांची भाकरी गल्लीत सगळ्यांत पातळ, कडा चंद्रासारख्या गोल. त्या दिवशी परातीतून उचलताना ती मधोमध फाटली. त्या तशाच तुकडा हातात धरून बसल्या.

"मोडली, आत्ती."

"मोडू दे. दुसरी थाप. कांडीला तेवढाच जास्ती येळ."

दुसरी निखाऱ्यावर फुगली तेव्हा मी कांडी काढली. एकशे चार आणि वर दोन रेघा. शेगडीचा त्यात काही वाटा नव्हता.

"कराडला न्यायला हवं," मी म्हणाले. "आजच. आत्ताच."

"न्हाई." हौसाआक्का उठून बाजेच्या आणि माझ्या मध्ये उभ्या राहिल्या. "माझी थोरली जाव आशीच बाळंतीण आसताना भायेर काढली. थंडीचंच दिस. वाटंतच ग्येली. मी न्हाई काढायची माझी पोर."

मी बरंच बोलले. जंतूंचं बोलले, इंजेक्शनचं बोलले, सांगलीला माझ्या मामेबहिणीचं असंच झालं होतं ते बोलले. सगळं खरं होतं, आणि एकही शब्द त्यांच्यापर्यंत पोचत नव्हता. ज्या बाईने एक बाळंतीण वाटेत गेलेली डोळ्यांनी पाहिली आहे, तिला आकडा सांगून काय उपयोग?

आत्याबाई बाळाला मांडीवर हलवत होत्या. मग त्या हळू आवाजात म्हणाल्या, "हौसे, कांडीतला ताप तू तुझ्या घरात झटकतीस का गं?"

"न्हाई, आत्ती. कवाच न्हाई."

"का गं?"

"घरात ताप ठिऊ न्हाई म्हून. तुमीच सांगितलंय की."

"मग कांडीतला येवढासा घरात चालत न्हाई, आन् ह्यो येवढा मोठा ताप बाजंवर घालून, वर गोधडी पांघरून, खाली शेगडी लावून ठिवलायस? भायेर काढ त्यो. उंबऱ्याभायेर."

हौसाआक्का बाजेसमोरून बाजूला झाल्या. मग खाली बसल्या आणि लेकीच्या पायांत मोजे घालायला लागल्या. जावयाचे जुने लोकरीचे मोजे होते, टाचेला रफू केलेले. त्यांनी ते घोट्यापर्यंत ओढले आणि वर दोन गोधड्या गुंडाळल्या.

एसटीला वेळ होता. आत्याबाई रस्त्याच्या मधोमध जाऊन उभ्या राहिल्या. कराडच्या बाजूला जाणारा उसाचा ट्रक करकचून थांबला, ड्रायव्हरने डोकं बाहेर काढून शिवी द्यायला तोंड उघडलं पण समोर नऊवारीतली म्हातारी बघून ती गिळली.

"म्हातारे, मरायचंय व्हय?"

"मला न्हाई. पोरीला जगवायचंय. सरक तिकडं."

केबिनमध्ये सुमन, तिला छातीशी धरून हौसाआक्का, आणि मी बाळाला घेऊन. मागे उसाची थप्पी करकरत होती. वळणावर प्रत्येक वेळी हौसाआक्का पदराने खिडकीची फट झाकत होत्या. कराडच्या वेशीवरचं मलकापूर आलं तेव्हा उजेड होता. दवाखान्यात डॉक्टरांनी माझ्याकडे बघून विचारलं, "ताप किती? आणि शेगडीजवळ मोजलेला नाही ना?"

मी सांगितलं. शेगडी काढून, काढा घेतल्यानंतर थांबून, चूळ भरून, तोंडात. त्यांनी मान डोलावली. नर्सला हाक मारली.

सुमन बरी झाली. बारसं लांबलं, पण झालं. ती घरी आल्यावर हौसाआक्का रोज कांडी न्यायच्या. एक दिवस परत आली ती लाल बाणावर, अठ्ठ्याण्णव पॉइंट चारवर. मी सवयीने परड्याकडे निघाले तर आत्याबाईंनी हटकलं.

"ह्यो झटकू नगं. ऱ्हाऊ दे जरा घरात."

दोन दिवस तो पारा आमच्या माठामागच्या कोनाड्यात तसाच होता. कांडी तिथेच ठेवायची, गारव्याला, नाहीतर उन्हाळ्यात ती आपोआप चढते.

आत्याबाईंनी स्वतः कधी ती तोंडात घेतली नाही. "माझा ताप मला कळतोय" म्हणायच्या. या श्रावणात मात्र पडूनच होत्या. वय झालं होतं, छाती भरली होती, डॉक्टर येऊन गेले होते. शेवटच्या दिवशी दुपारी मी विचारलं, लावू का, तर तोंड उघडलं. मी ओठ मिटवून धरले. स्वयंपाकघरात भाकरी करायला कुणी नव्हतं, मी घड्याळात बघितलं.

"किती हाय?"

"एकशे एक आणि एक रेघ."

"लय न्हाई." मग थोड्या वेळाने, "जा. झटकून ये."

बाहेर पावसाची झड लागली होती. उकिरड्याकडची वाट चिखलाने भरली होती. मी म्हणाले, "उघडीप पडली की झटकते, आत्याबाई." त्यांनी मान हलवली. माझा हात हातात होता, तो सोडला नाही. पाऊस संध्याकाळी उघडला. तोवर कांडीकडे बघायला कुणाला वेळ नव्हता.

पुढे हातात घेतली तेव्हा पारा तिथेच होता. मी रडकी बाई नाही. त्यांची लुगडी मी आठवडाभरात वाटून टाकली, बाज उन्हात टाकून ढेकूण मारले, त्यांचा पानाचा डबा नणंदेला दिला. पण त्यांच्या अंगातली ऊब जिथपर्यंत चढली होती ती खूण हातात होती, आणि ती घालवायला मनगटाचे तीन झटके पुरे होते. म्हणून राहिली.

आज दिवसभर कांडी वाटीशेजारी पडून आहे. पाणी केव्हाच गार झालं. थर्मामीटर ही वापरायची वस्तू आहे. आणि झटकून ये, असं मला सांगितलेलं आहे.

१९ तारखेला सकाळी, पहिला उसाचा ट्रक जाऊन धूळ खाली बसल्यावर, मी परड्यात गेले. उकिरड्यापाशी उभी राहिले, मावळतीकडे तोंड केलं. उजेडाकडे धरून आकडा एकदा वाचला. मग मनगटातून झटकलं. आत आले, कोमट पाणी घेतलं, नव्याबरोबर जुना वाटीत धरला. दोघांचा पारा एकाच रेघेवर थांबला. पुसून, झटकून, तपकिरी कव्हरात घातला आणि हौसाआक्कांच्या दारात गेले. सुमन उंबऱ्यात पाय पसरून बसली होती. तिची पाच वर्षांची मुलगी शेजारी ऊस सोलत होती.

हौसाआक्कांनी दोन्ही हात पुढे केले. मी कांडी दिली नाही.

"आधी," मी म्हणाले, "या खेपेला शेगडी कुठे ठेवणार, ते दाखवा."